वारली इतिहासावर शाळेसाठी माहितीपट करताना

ठाण्यातील एखाद्या शाळेसाठी वारली समाजावर माहितीपट करायचे ठरले की कॅमेरा आधी भिंतीवरच्या चित्रांकडे वळतो आणि पुष्कळदा तिथेच अडकतो. म्हणून अभ्यासाची सुरुवात इतिहासापासून करावी. पालघर जिल्हा १ ऑगस्ट २०१४ रोजी वेगळा झाला असल्याने डहाणू, तलासरीकडच्या जुन्या नोंदी ठाणे जिल्ह्याच्या नावाखाली शोधाव्या लागतात. १८८२ चे ठाणे गॅझेटिअर उपयोगी आहे, मात्र ते ब्रिटिश राजवटीच्या नजरेतून लिहिले गेले, हे निवेदनात स्पष्ट सांगावे. वेठबिगारी, लग्नाच्या कर्जापायी जमीनदाराकडे राबणारे लग्नगडी आणि किसान सभेचे नेते गोदावरी व शामराव परुळेकर यांच्या साथीने १९४५ साली वारल्यांनी केलेला उठाव यांना वगळून केलेला माहितीपट मुलांना दाखवू नये, असे माझे ठाम मत आहे.

ठाण्यालगतच्या येऊरला संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाच्या हद्दीत चित्रीकरण करायचे तर वनविभागाची परवानगी लागते. पाड्याची संमती ही त्याहून वेगळी आणि अधिक महत्त्वाची बाब आहे. माहितीपट कुठे दाखवणार, इंटरनेटवर टाकणार का, मानधन किती देणार, हे सर्व पाड्यावरच्या बैठकीत, बायकाही हजर असताना, सांगावे. लग्नात सुवासिनी भिंतीवर चौक (विधीचे चौकोनी चित्र) रेखतात आणि धवलेरी, म्हणजे लग्न लावणारी स्त्री, गाणी म्हणते, तो धार्मिक विधी आहे. तिथे कॅमेरा चालेल का, हे धवलेरीलाच विचारावे आणि तिने नकार दिला तर आग्रह धरू नये.

तारप्याच्या ध्वनिमुद्रणाकडे विशेष लक्ष द्यावे. वाळलेला भोपळा, बांबूच्या नळ्या आणि ताडाच्या पानांचा कर्णा असलेले हे वाद्य वाजवताना तारपेकर श्वास तुटू देत नाही, त्यामुळे सूर अखंड राहतो. मायक्रोफोनची पातळी आपोआप बदलणारी सोय बंद ठेवून ती हातानेच ठरवावी, अन्यथा नाचणाऱ्यांच्या पावलांचा ठेका सुरात बुडून जातो. एकेक चाल पूर्ण मुद्रित करावी. कापाकापी नंतर करता येते.

वृद्धांना वारली बोलीतच बोलू द्यावे, त्यावर प्रमाण मराठीतला आवाज चढवू नये, मराठी उपशीर्षके द्यावीत. लांबी वीस मिनिटांच्या आसपास ठेवली तर त्याच तासिकेत मुलांना प्रश्न विचारता येतात. अंतिम संकलनापूर्वी माहितीपट पाड्यावर दाखवावा, आक्षेप आलेली दृश्ये काढावीत आणि तारपेकर, धवलेरी व चित्रे काढणाऱ्या स्त्रियांची नावे, त्यांची हरकत नसल्यास, श्रेयनामावलीत दिग्दर्शकाच्या आधी द्यावीत.