लोप पद्धतीत या चुका टाळा

दहावीच्या बीजगणितातलं पहिलंच प्रकरण दोन चलांतील रेषीय समीकरणांचं. लोप पद्धतीची, म्हणजे एक चल उडवून दुसऱ्याची किंमत काढायची, रीत मुलांना येत असते, तरी उत्तर चुकतं. वही उघडून शोधलं की चूक बहुतेक वेळा वजाबाकीच्या ओळीत सापडते.

४क्ष − ५य = २३ …(१)
४क्ष + ३य = −१ …(२)

क्षचे सहगुणक (क्षला गुणणारे आकडे) सारखे, म्हणून (१) मधून (२) वजा करायचं. क्ष उडतो, −८य बरोबर येतं, आणि उजवीकडे घाईत २३ − १ = २२ लिहिलं जातं. तिथे −१ वजा करायचाय, म्हणजे २३ + १ = २४. मग य = −३ आणि क्ष = २. दुसऱ्या समीकरणाच्या प्रत्येक पदाखाली बदललेलं चिन्ह लिहा, बरोबरच्या चिन्हापलीकडच्या पदाखालीसुद्धा, आणि मग सरळ बेरीज करा. ही ओळ तोंडी करू नका, कितीही सराव झाला असला तरी.

ताळा करूनही चूक कशी निसटते? २२ धरलं तर य = −११/४ येतो. तो (१) मध्ये घालून क्ष = ३७/१६. या किमती पुन्हा (१) मध्येच घातल्या तर ताळा जुळतो. जुळणारच, क्ष तिथूनच काढलाय! (२) मध्ये घाला: ३७/४ − ३३/४ = १. हवं होतं −१. चूक तिथे लगेच उघडी पडते. म्हणून किंमत एका समीकरणात घालायची आणि ताळा दुसऱ्यात करायचा.

सहगुणक सारखे करताना उजवी बाजू गुणायची राहते. ३क्ष + २य = ७ ला ३ ने गुणलं की ९क्ष + ६य = २१; ७ तसाच ठेवला तर पुढचं सगळं वाया. २क्ष = ३य + ५ असं समीकरण दिलं असेल, तर आधी २क्ष − ३य = ५ करून घ्या.

कधी दोन्ही चलं एकदम उडतात आणि मुलं घाबरून सगळं खोडतात. खोडू नका. ० = ० उरलं तर दोन्ही समीकरणं एकाच रेषेची, उकली अनंत. ० = १ असं काही उरलं तर रेषा समांतर, उकल नाही. तेच उत्तर लिहायचं.

आणि ४३क्ष + ३७य = १२३, ३७क्ष + ४३य = ११७ अशी जोडी दिसली तर मोठे गुणाकार करत बसू नका. बेरीज करून ८० ने भागा: क्ष + य = ३. वजाबाकी करून ६ ने भागा: क्ष − य = १. क्ष = २, य = १.