याओवरातची फूड टूर: या चुका टाळा

बँकॉकला जाणारा मराठी माणूस आता पट्टाया आणि कोरल आयलंडच्या पलीकडे बघायला लागलाय, संध्याकाळी चायनाटाउनमध्ये रस्त्यावर बसून खायला तयार होतोय, हे उत्तमच आहे. मी पुण्याहून छोटे ग्रुप घेऊन जातो आणि चायनाटाउनमधल्या याओवरात रस्त्यावरची फूड टूर माझ्या कार्यक्रमातून सुटत नाही. साधारण दीड किलोमीटरचा रस्ता. ऊन कललं की फुटपाथवर गाडे आणि प्लॅस्टिकची स्टुलं लागतात. स्थानिक गाइड पुढे, आपण मागे, चारेक तासांत सात-आठ ठिकाणी थोडं थोडं खायचं. यात चुकण्यासारखं काही दिसत नाही ना? तरी दर वेळी तेच ते घोळ होतात आणि निस्तरायला मी असतो.

एक गोष्ट आधीच सांगतो. "गाइडला कशाला पैसे द्यायचे, तुम्हीच फिरवा ना," असं ग्रुपमधलं कोणीतरी म्हणतंच. थायलंडमध्ये गाइडचं काम कायद्यानं फक्त थाय नागरिकाला करता येतं. परवान्याचं कार्ड त्याच्या गळ्यात असतं, ते बघून घ्या. मी मागून चालतो आणि माणसं मोजतो. रस्त्यात एखादा टुकटुकवाला "स्वस्तात सगळं दाखवतो" म्हणाला, तर तो तुम्हाला त्याचं कमिशन जिथे ठरलंय तिथेच नेणार. एवढा स्वस्ताचा सोस असेल तर फूड टूर करूच नका. सेव्हन-इलेव्हनमधलं सँडविच वाईट नसतं.

नुसतं 'व्हेज' म्हणून मोकळं होणं

सगळ्यात जास्त संध्याकाळी याच एका चुकीनं वाया गेलेल्या मी पाहिल्यात. बुकिंग करताना फॉर्मवर 'व्हेजिटेरियन'पुढे खूण केली की झालं, असं लोकांना वाटतं. गाड्यावरचा आचारी त्यातून एवढंच समजतो, की ताटात मांसाचे तुकडे नकोत. फिश सॉसचं काय? तो तिथे मिठाच्या जागी पडतो. पाड थायमध्ये, म्हणजे परतलेल्या नूडल्समध्ये, तो असतो, वर बऱ्याचदा सुकटही असते. सोम ताम, म्हणजे कच्च्या पपईची कोशिंबीर, दिसायला किती सात्त्विक! तिच्यातही दोन्ही असतं. करीच्या वाटणात आंबवलेल्या कोळंबीचा 'कापी' असतो. आणि नूडल्समधून डुकराचे तुकडे काढून दिले तरी रस्सा हाडांचाच राहतो.

मागे एका ग्रुपमध्ये नाशिकचं कुटुंब होतं. काकू माळकरी. बुकिंग जावयांनी केलेलं, मोबाइलवर, एका खुणेत. "शाकाहारीच लिहिलंय, काळजी नको," असं त्यांनी मला विमानतळावरच सांगून टाकलं होतं. तिसऱ्या ठिकाणी गाइडनं काकूंसाठी मुद्दाम पालेभाजी मागवली. 'फाक बुंग' म्हणतात तिला, आपली नाळीची भाजी. लसूण-मिरची घालून प्रचंड जाळावर मिनिटभरात परततात. काकूंना ती इतकी आवडली की त्यांनी प्लेट पुसून खाल्ली आणि "यात काय काय घालतात विचार गं" म्हणून मुलीच्या मागे लागल्या. जावईबापू उत्साहानं गाड्यावरच्या बाटल्यांचे फोटो काढून आले, मोबाइलवर भाषांतर केलं आणि मोठ्यानं वाचलं, "ऑयस्टर सॉस." ऑयस्टर म्हणजे काय, असं काकूंनी विचारलं तेव्हा कोणी बोलेना. पण फोटोतल्या बाटलीवर शिंपल्याचं चित्रच होतं. काकू काही न बोलता उठल्या आणि बाजूला जाऊन उभ्या राहिल्या. उरलेल्या सगळ्या ठिकाणी त्यांनी पाणीसुद्धा घेतलं नाही. मुलगी नवऱ्याशी बोलेना, आणि ती तरुण गाइड रडकुंडीला येऊन दर पाच मिनिटांनी काकूंना हात जोडत होती. तिची बिचारीची काय चूक? तिला जे कळवलं होतं, त्याप्रमाणेच तिनं आणलं होतं.

म्हणून मी आता कोणाच्याही खुणेवर विसंबत नाही. निघण्याआधी प्रत्येकाला फोन करतो आणि गाइडला यादी पाठवतो: मांस, मासे, फिश सॉस, ऑयस्टर सॉस, सुकट, कापी, अंडं, शेंगदाणे, प्रत्येकापुढे हो किंवा नाही. "अंडं केकमधलं चालतं, पण दिसता कामा नये," हेही एकदा जसंच्या तसं कळवलंय आणि गाइडला ते बरोबर समजलं. गोमांस नको हे सांगायला लाजू नका. कुआन इम या चिनी करुणेच्या देवीला मानणारे तिकडचे कितीतरी लोकही ते खात नाहीत, त्यामुळे त्यांना कारण विचारावंसंही वाटत नाही.

ज्यांचं सगळं कडक आहे त्यांच्यासाठी तिथेच एक सोय आहे. चिनी वंशाच्या थाय लोकांचं व्रताचं जेवण, 'जे'. पिवळ्या पाटीवर लाल अक्षर दिसलं की ओळखायचं. त्यात मांस, मासे, अंडी, दूध नाहीच, वर कांदा-लसूणही नाही. हे ऐकून जैन मंडळींना आधी खरंच वाटत नाही. पण मुळा, अळकुड्या, गाजर त्यात चालतात, तेव्हा कंदमुळं नकोत हे वेगळं सांगावंच लागतं. चिनी पंचांगाच्या नवव्या महिन्यात 'जे'चा नऊ दिवसांचा उत्सव असतो आणि सगळा याओवरात पिवळ्या झेंड्यांनी भरून जातो. २०२३ साली तो १५ ऑक्टोबरला, आपल्या घटस्थापनेच्याच दिवशी सुरू झाला होता. दर वर्षी असं जुळत नाही, पण शाकाहारी घरांनी सहल त्या सुमारास आखली तर गाड्यागाड्यावर खाता येतं. एरवी आल्याच्या पाण्यातल्या काळ्या तिळाच्या गोळ्या, 'बुआ लोय', मागा. गरमागरम असतात आणि आजवर कोणी नाक मुरडलेलं पाहिलं नाही.

वाराचं आणि तिथीचं काय ते घरून निघतानाच बघा. संध्याकाळी सात वाजता, कोळंबी समोर आल्यावर, "अगंबाई, आज गुरुवार!" असं म्हणून काय उपयोग? संकष्टीचा चंद्रोदय बँकॉकमध्ये किती वाजता, हेही मला भर याओवरातवर विचारलं गेलंय.

पहिल्याच गाड्यावर पोट भरणं

ही चूक पैसे वसूल करण्याच्या सवयीतून येते. टूरमध्ये खाणं धरलेलं आहे ना, मग समोर आलं ते संपवायचं. त्यात दुपारी हॉटेलच्या बुफेवर आडवा हात मारलेला असतो तो वेगळाच.

एक कोल्हापूरचे गृहस्थ, खाण्याचे दर्दी, निदान स्वतःच्या मते. पहिला थांबा 'होय थोत'चा होता: शिंपले आणि अंड्याचं कुरकुरीत धिरडं म्हणा, मोठ्या सपाट तव्यावर चरचरत केलेलं. प्लेट चौघांत एक आली. यांनी आपली वेगळी मागवली, मग आणखी एक. गाइड हसत सांगतेय, पुढे बरंच आहे, तर हे म्हणाले, "तुम्ही आमचं पोट पाहिलं नाहीत." दुसऱ्या थांब्यावर मिरपुडीचा झणझणीत रस्सा आणि गुंडाळलेल्या नूडल्सचं 'कुआय चाप' आलं, तेही संपवलं. तिसऱ्या थांब्याला ते जरा गप्प झाले. चौथ्याला भाजलेल्या चेस्टनटच्या गाड्याशेजारी स्टूल मागून बसले. शेवटी आंबा आणि नारळाच्या दुधातला चिकट भात आला. एप्रिलचे दिवस, तिकडचा आंबा ऐन भरात, आणि हे त्याच्याकडे नुसते बघत होते. घरी आल्यावर सगळ्यांना सांगितलं, फूड टूरमध्ये विशेष काही नसतं.

माझी पद्धत अशी: दुपारी बाराला हलकं जेवायचं, चारनंतर काही नाही. टूर सुरू होतानाच गाइडला थांबे किती ते विचारायचं. प्रत्येक ठिकाणी दोन-तीन घास घ्यायचे आणि प्लेट शेजाऱ्याच्या हातात द्यायची. जे फारच आवडलं त्याचा गाडा लक्षात ठेवायचा. मधेमधे गोड चहा आणि डाळिंबाचा रस ढोसू नका, त्यानंच अर्धं पोट भरतं. अन्न टाकवत नाही म्हणून दुसऱ्याचं उरलेलं संपवणाऱ्या आईवर्गाला हे पटवणं सर्वांत अवघड जातं.

तिखटाची शेखी

"आम्हाला तिखट काय सांगता," म्हणून टेबलावरच्या चार बरण्या न चाखता ओतू नका. त्यातली एक साखरेची असते, एक फिश सॉसची, एक सुक्या मिरचीपुडीची आणि एक मिरची घातलेल्या व्हिनेगरची. तेलात शिजलेल्या तांबड्या रश्श्याची जीभ कच्च्या ठेचलेल्या बारक्या मिरचीपुढे टिकतेच असं नाही. आधी चाखा, मग घाला.

बाकीच्या, पटापट

सोमवारी टूर घेऊ नका, त्या दिवशी बरेच गाडे बंद असतात. टॅक्सीनं येऊ नका. संध्याकाळी याओवरातला गाड्या मुंगीच्या गतीनं सरकतात. सुखुमवित स्टेशनहून मेट्रोच्या निळ्या मार्गावर वात मांगकोन हे सातवं स्टेशन, २०१९ पासून ते अगदी दारात आहे. बर्फाला उगाच घाबरू नका, मधे भोक असलेल्या नळकांड्या कारखान्यातून येतात. फोडलेल्या लादीचा चुरा मात्र मीही टाळतो. हजार बाहतची नोट गाड्यावर काढू नका, २० आणि १०० च्या ठेवा. खाण्याच्या भावात घासाघीस नाही म्हणजे नाही. एका गाड्याच्या स्टुलावर बसून दुसऱ्याचं खाऊ नका. मांगकोन रस्त्यावर चेक पुई या करी-भातवाल्याकडे टेबलं नसतात, नुसती लाल स्टुलं. ताटली हातात धरून जेवायचं, तक्रार करायची नाही. चमचा उजव्या हातात, काट्यानं फक्त ढकलायचं. आचाऱ्याच्या तोंडावर फ्लॅश मारू नका, त्याच्यापुढे उकळतं तेल असतं.

रीलमधली यादी घेऊन येणं

रेस्टॉरंटांना तारे देणाऱ्या मिशेलिनची बँकॉकसाठीची पहिली यादी २०१७ च्या डिसेंबरात आली आणि रस्त्याकडेला गॉगल लावून कोळशावर खेकड्याचं ऑम्लेट करणाऱ्या जेय फाय यांना एक तारा मिळाला. तेव्हापासून प्रत्येक ग्रुपमध्ये एक तरी जण टूरच्या मधेच म्हणतो, "तो खेकड्याचा ऑम्लेटवाला थांबा कधी?" तो थांबा नाही. दुकान याओवरातला नसून महाचाई रस्त्यावर आहे, रांग तासन्‌तास चालते आणि एका ऑम्लेटला हजारांहून जास्त बाहत पडतात. तिथे जायचंच असेल तर तो दिवस वेगळा ठेवा. गाइडच्या ओळखीनं रांग तोडता येईल का, असं विचारणाऱ्यांना मी उत्तर देणं सोडलंय. ती गाडेवाल्यांना नावानं ओळखते, त्यांच्याकडे कोणत्या वेळी काय ताजं उतरतं हे तिला ठाऊक असतं, आणि आपण तिला मोबाइलमधला पस्तीस सेकंदांचा व्हिडिओ दाखवून रस्ता सांगतो!

शेवटच्या संध्याकाळी ठेवणं

खरेदी, मसाज, क्रूझ सगळं उरकून फूड टूर शेवटच्या रात्रीला ढकलतात. मग बॅगा हॉटेलच्या लॉबीत, विमान मध्यरात्रीनंतरचं, आणि दर थांब्यावर घड्याळ. पहिल्या किंवा दुसऱ्याच संध्याकाळी घ्या. कुठे काय मिळतं, किती पैसे द्यायचे, कसं मागायचं हे एकदा कळलं, की पुढच्या रात्री आपले आपण जाता येतं. ते कोल्हापूरचे गृहस्थ दुसऱ्या दिवशी एकटे जाऊन तो आंबा-भात खाऊन आले असते, पण त्यांची ती शेवटची रात्र होती.