आईचं सिंगापूरचं तिकीट पॉइंटांवर: विमान कंपन्यांच्या पॉइंटांचा आणि टियरचा हिशेब कसा करावा

हिंजवडीत नोकरी करणारं माणूस ज्या घरात आहे, त्या घरात विमान कंपनीचे थोडे तरी पॉइंट पडून असतात. ते किती आहेत, कशाचे आहेत, कधी संपणार आहेत, हे मात्र कोणालाच नीट सांगता येत नाही. माझंही तेच होतं. ऑफिसच्या कामासाठी दर महिन्याला पुणे–दिल्ली सुरू होतं आणि जे विमान मिळेल त्याच्या खात्यात पॉइंट जात होते. चार वर्षांनी तीन खाती उघडून बघितली, तर एकातही एका तिकिटापुरते पॉइंट नव्हते. त्या रविवारी मी वही घेऊन बसले आणि आईला सिंगापूरला ताईकडे पॉइंटांवर पाठवायचं ठरवलं. तेव्हा जे शिकले, ते इथे क्रमाने लिहिते आहे.

आधी प्रवास ठरवा, पॉइंट नंतर

वहीच्या पहिल्या पानावर दोनच गोष्टी लिहा: कुठे जायचंय आणि कोणी जायचंय. ‘कोणी’ हा प्रश्न बहुतेकजण विसरतात, आणि सगळा फरक तिथेच पडतो. विमान कंपनी आपल्याला दोन वेगळ्या गोष्टी देत असते. पॉइंट, म्हणजे माइल्स, खर्च करता येतात; त्यांतून आईचं, नवऱ्याचं, मुलांचं तिकीट काढता येतं. टियर, म्हणजे सिल्व्हर, गोल्ड हा दर्जा, फक्त आपल्या स्वतःच्या नावाला चिकटलेला असतो. मी गोल्ड असले तरी आई एकटी निघाली की तिच्या बॅगेला त्याचा काही उपयोग नाही. म्हणून घरच्यांसाठी साठवायचं असेल तर पॉइंटांकडे बघा. स्वतःच महिन्यातून दोन-तीनदा उडत असाल, तरच टियरचा विचार करा.

पॉइंट दुसऱ्यासाठी वापरण्याचे नियमही आधीच वाचून ठेवा. सिंगापूर एअरलाइन्सच्या क्रिसफ्लायर या योजनेत, ज्यांच्यासाठी आपले माइल्स वापरायचे अशा जास्तीत जास्त ५ जणांची नावं नोंदवता येतात. एमिरेट्सच्या स्कायवर्ड्स योजनेत घरातल्यांचे माइल्स एका कुटुंब खात्यात गोळा करता येतात. ज्या घरातून दोघं-तिघं दुबईला ये-जा करतात, त्यांच्यासाठी हे फार सोयीचं आहे.

मिळणारे पॉइंट असे मोजा

पॉइंट देण्याच्या पद्धती दोन. जुनी पद्धत अंतराची. अमेरिकन एअरलाइन्सने १ मे १९८१ रोजी आपली अ‍ॅडव्हांटेज योजना सुरू केली, तेव्हा जितके मैल उडाल तितके माइल्स, असा सरळ मामला होता. ‘माइल्स’ हे नाव तिथूनच रुळलं. नवी पद्धत पैशांची. डेल्टा आणि युनायटेडने २०१५ मध्ये, अमेरिकनने २०१६ मध्ये भाड्याच्या रकमेवर माइल्स द्यायला सुरुवात केली. आपल्याकडे एअर इंडियाने २०२४ मध्ये हाच रस्ता धरला.

पैशांच्या पद्धतीत चूक एकाच ठिकाणी होते. तिकिटाला आपण जी एकूण रक्कम भरतो, तिच्यावर पॉइंट मिळत नाहीत. मूळ भाडं आणि कंपनीने स्वतः लावलेले आकार धरले जातात. जीएसटी, विमानतळाचं वापर शुल्क, सुरक्षा शुल्क हे सगळं वगळलं जातं. तिकिटासोबत भाड्याची फोड येते, ती उघडा. समजा एकूण ६,४०० रुपये भरले आणि त्यातलं मूळ भाडं ५,००० आहे. दर १०० रुपयांना ६ पॉइंट असा असेल, तर मिळतील ३००. जे तिकीट हवंय त्याला १५,००० पॉइंट लागणार असतील, तर अशा ५० फेऱ्या. महिन्याला जाऊन-येऊन एक खेप, म्हणजे दोन फेऱ्या केल्या तरी दोन वर्षांहून जास्त. हा आकडा वहीत स्वतःच्या हाताने लिहिला, तेव्हा तीन खात्यांत पॉइंट विखुरणं किती महागात पडलं ते मला पहिल्यांदा कळलं.

अंतराच्या पद्धतीत मैल गुणिले टक्केवारी. पुणे–दिल्ली साधारण ७२० मैल, मुंबई–सिंगापूर साधारण २,४३० मैल. टक्केवारी ठरते बुकिंग क्लासवरून. इकॉनॉमी सगळी सारखीच दिसते, पण ई-तिकिटावर प्रत्येक उड्डाणासमोर एक इंग्रजी अक्षर असतं: वाय, एम, के, व्ही, असं काहीतरी. पूर्ण भाड्याच्या अक्षराला १०० टक्के माइल्स मिळत असतील, तर स्वस्तातल्या अक्षराला ५०, २५ किंवा शून्यसुद्धा. मुंबई–सिंगापूर ५० टक्क्यांच्या अक्षरात गेलं तर एका बाजूचे १,२१५ माइल्स, जाऊन-येऊन २,४३०. एका कंपनीच्या विमानाचे माइल्स दुसऱ्या कंपनीच्या खात्यात जमा करायचे असतील, तर हे अक्षर तपासल्याशिवाय पुढे जाऊच नका. कोणत्या अक्षराला किती, याचा तक्ता प्रत्येक योजनेच्या पानावर भागीदार कंपनीच्या नावाखाली असतो.

एका पॉइंटची किंमत काढा

हे गणित दोन मिनिटांचं आहे. त्याच तारखेचं तेच तिकीट पैशांनी कितीला आहे ते बघा. पॉइंटांवर काढलं तरी जे कर रोख भरावे लागतात ते त्यातून वजा करा. उरलेल्या रकमेला लागणाऱ्या पॉइंटांनी भागा. समजा तिकीट ५,८०० रुपयांचं आहे. पॉइंटांवर काढायला ७,५०० पॉइंट आणि वर १,३०० रुपये लागतात. ५,८०० वजा १,३०० म्हणजे ४,५००, भागिले ७,५००. एक पॉइंट झाला ६० पैशांचा.

आता मागचं उदाहरण आठवा. ६,४०० रुपयांच्या तिकिटावर ३०० पॉइंट, म्हणजे १८० रुपये, जेमतेम पावणेतीन टक्के. आपल्या ‘नेहमीच्या’ कंपनीचं तिकीट दुसरीपेक्षा ७०० रुपयांनी महाग असेल, तर केवळ पॉइंटांसाठी ते घेणं सरळ नुकसान आहे. मी ते कित्येकदा केलंय. पॉइंट ही भाडं भरल्यावर मिळणारी वरकड आहे. तिकीट निवडताना वेळ आणि भाडं हेच आधी बघावं.

खातं कुठे ठेवायचं

पुणेकरांपुढे इथे एक खरी अडचण आहे. लोहगावहून, म्हणजे पुण्याच्या विमानतळावरून, सर्वांत जास्त विमानं इंडिगोची. इंडिगोने २०२४ मध्ये ब्लूचिप ही स्वतःची योजना आणली, पण इंडिगो विमान कंपन्यांच्या कुठल्याच मोठ्या जागतिक गटात नाही. असे गट तीन: १९९७ चा स्टार अलायन्स, १९९९ चा वनवर्ल्ड आणि २००० चा स्कायटीम. एअर इंडिया ११ जुलै २०१४ पासून स्टार अलायन्समध्ये आहे. त्यामुळे एअर इंडियाच्या प्रवासाचे माइल्स हवे तर सिंगापूर एअरलाइन्स किंवा लुफ्तान्साच्या खात्यात घालता येतात. एका उड्डाणाचे माइल्स मात्र एकाच खात्यात जातात, आणि एकदा गेले की हलवता येत नाहीत.

माझं मत असं आहे: प्रवास देशातल्या देशात असेल तर ज्या कंपनीने खरोखर जाता तिचीच योजना पुरे. वर्षातून एक-दोनदा परदेशी जाणं होत असेल, तर त्या देशाला नेणाऱ्या गटातली एक योजना निवडा आणि घरातल्या सगळ्यांचं तिथेच जमवा. खाती दोनच्या वर नेऊ नका.

युरोप-अमेरिकेला जाताना आपण सवयीने टॅक्सीने मुंबई गाठतो. कधीतरी पुणे–दिल्ली–फ्रँकफर्ट असं एकाच तिकिटावरचं भाडंही बघा. टॅक्सीचे पैसे वाचतात, बॅग लोहगावला दिली की थेट मुक्कामी मिळते आणि टियरसाठी एक उड्डाण जास्तीचं मोजलं जातं. दिल्लीचा थांबा लांबला तर मात्र म्हाताऱ्या माणसांचे हाल होतात. आईसाठी मी मुंबईहून थेट विमानच पसंत केलं.

नाव, अक्षर न् अक्षर

यात मी स्वतः पोळले आहे. आपल्याकडे पासपोर्टवर नावापुढे वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव असतं. मी खातं उघडताना फक्त नाव आणि आडनाव टाकलं. ऑफिसच्या एजंटने तिकिटं पासपोर्टप्रमाणे काढली. तिथे माझं आणि वडिलांचं नाव जोडून एकच लांब शब्द झाला. कंपनीच्या यंत्रणेला ही दोन वेगळी माणसं वाटली आणि सहा उड्डाणांचे पॉइंट जमाच झाले नाहीत. पासपोर्टची प्रत पाठवून चार परत मिळवले. दोन मुदतीबाहेर गेले होते. म्हणून आज, आत्ता, खात्यावरचं नाव पासपोर्टशी ताडून बघा. आईवडिलांच्या खात्यांचंही तेच. लग्नानंतर नाव बदललं असेल तर आधी तेच दुरुस्त करून घ्या.

टियरच्या मागे कधी धावावं

क्रिसफ्लायरचं उदाहरण घेऊ. एलिट सिल्व्हरसाठी १२ महिन्यांत २५,००० एलिट माइल्स (टियरसाठी वेगळे मोजले जाणारे माइल्स) लागतात, एलिट गोल्डसाठी ५०,०००. मुंबई–सिंगापूर जाऊन-येऊन १०० टक्क्यांच्या क्लासमध्ये ४,८६० होतात. दहा खेपा केल्या तरी ४८,६००, म्हणजे गोल्डला अजून थोडे कमीच. ५० टक्क्यांच्या क्लासमध्ये त्यासाठी वीसच्या वर खेपा.

मग मिळतं काय? क्रिसफ्लायरचा एलिट गोल्ड हा स्टार अलायन्सचाही गोल्ड धरला जातो. स्टार अलायन्सच्या गोल्डला गटातल्या सगळ्या कंपन्यांत लाउंज, चेक-इनला आणि विमानात चढताना प्राधान्य, आणि नेहमीच्या मर्यादेवर २० किलो किंवा एक जादा बॅग. सिल्व्हरला गटात जवळपास एकच गोष्ट मिळते: वेटिंग लिस्टवर थोडं वरचं स्थान. त्यामुळे सिल्व्हरसाठी एक रुपयाही जास्तीचा घालू नये, असं मला स्पष्ट वाटतं. लाउंज तर पुष्कळ क्रेडिट कार्डांवरही मिळतं.

त्या २० किलोंची किंमत मात्र मराठी घराला विचारा. आई पहिल्यांदा गेली तेव्हा घरी हुकाच्या काट्यावर बॅग तीनदा तोलली होती. तरी काउंटरवर तीन किलो जास्त भरली. रांगेतून बाजूला होऊन तिने जमिनीवर बॅग उघडली. मेतकुटाची बरणी, थालिपिठाची भाजणी आणि ताईच्या बाळंतपणासाठी केलेल्या डिंकाच्या लाडवांचा डबा समोर मांडून काय काढावं, हे ती ठरवत होती. भाजणी काढली. ती पिशवी हातात घेऊन मी परत आले.

तेव्हा हिशेब असा करा. योजनेचं वर्ष संपायच्या दोन महिने आधी किती माइल्स कमी पडतात ते बघा. एखाद-दुसऱ्या खेपेत भागणार असेल आणि पुढच्या वर्षी तुमचा प्रवास खरोखर ठरलेला असेल, तर ते तिकीट काढा. पुढचं वर्ष कोरं असेल तर सोडून द्या. वर्ष कसं मोजतात, जानेवारी ते डिसेंबर की सलग कोणतेही १२ महिने, हे आधी वाचा; सगळ्या योजनांचं सारखं नसतं.

कार्डाचे पॉइंट, मुदत, आणि तिकीट काढणं

क्रेडिट कार्डाचे पॉइंट माइल्समध्ये बदलता येतात, पण ते परत येत नाहीत. म्हणून आधी हव्या त्या तारखेला जागा आहे हे डोळ्यांनी बघा, मगच बदला. आणि कार्डाचं बिल पूर्ण भरत नसाल तर हा मार्ग तुमच्यासाठी नाही. थकबाकीवर महिन्याला साधारण साडेतीन टक्के व्याज लागतं, तिथे पॉइंट कुठेच पुरे पडत नाहीत.

साठवून ठेवण्याचा मोह आवरा. क्रिसफ्लायरचे माइल्स तीन वर्षांत संपतात. स्कायवर्ड्सचेही साधारण तीनच वर्षं टिकतात आणि तुमच्या जन्ममहिन्याच्या अखेरीला जातात. शिवाय कंपनीच राहील याचा भरवसा काय? किंगफिशरची विमानं २०१२ मध्ये थांबली, जेटची १७ एप्रिल २०१९ ला. विस्ताराच्या सभासदांना बरं नशीब लाभलं. १२ नोव्हेंबर २०२४ च्या विलीनीकरणात त्यांचे पॉइंट एअर इंडियाकडे गेले. लक्ष्य गाठलं की तिकीट काढून मोकळं व्हावं.

पॉइंटांवरच्या जागा साधारण अकरा महिने आधी दिसू लागतात. दिवाळी आणि मे महिन्याच्या सगळ्यात आधी जातात, तेव्हा शनिवार-रविवार आणि शाळेच्या सुट्ट्या टाळता आल्या तर टाळा. तिकीट रद्द केल्यावर पॉइंट परत येतात का आणि शुल्क किती, तेही त्याच वेळी बघून ठेवा.

प्रवास झाल्यावर बोर्डिंग पास फेकू नका. फोटो काढा आणि १३ आकडी तिकीट क्रमांक वहीत उतरवा. पहिले तीन आकडे कंपनीचे असतात, एअर इंडियाचे ०९८, सिंगापूरचे ६१८. दोन आठवड्यांत पॉइंट दिसले नाहीत तर लगेच दावा करा. मुदत बऱ्याच ठिकाणी सहा महिन्यांची असते.

आईचं तिकीट आषाढातल्या एका मंगळवारचं मिळालं. मला त्या आठवड्यात रजा होती, म्हणून मीही सोबत निघाले. आदल्या रात्री तिने बॅगेचं वजन करून काटा माझ्याकडे दिला आणि भाजणीची पिशवी माझ्या बॅगेत सरकवली.