जुमा सोडून कधीही

मालेगावला पहिल्यांदा डॉक्युमेंटरीच्या शूटिंगला गेलो तेव्हा प्रश्नांच्या याद्या घोटून पाठ केल्या होत्या. आवाजाचा विचार शून्य.

8 सप्टेंबर 2006. शुक्रवार, शब-ए-बारात. बडा कब्रस्तानाजवळ स्फोट झाले. मला दोन प्रकारच्या घरांत जायचं होतं: ज्यांचं माणूस गेलं ती, आणि ज्यांचा मुलगा त्यात आरोपी म्हणून पकडला गेला ती. नऊ मुस्लिम आरोपींना 2011 मध्ये जामीन मिळाला, एप्रिल 2016 मध्ये न्यायालयाने त्यांतल्या हयात आठ जणांना आरोपमुक्त केलं, म्हणजे खटला चालण्याआधीच सोडलं.

पहिल्या घरातली आई दीड तास बोलली. नाशिकला येऊन हेडफोन लावला, तर नुसता खडखडाट. भिंतीपलीकडे पॉवरलूम! चहावाला म्हणाला, शुक्रवारी माग बंद असतात. मी खुशीत फोन केला. पलीकडे जरा वेळ काहीच नाही. मग, "जुमा छोडके कभी भी आओ, बेटा." जुमा म्हणजे शुक्रवार. स्फोटाचा वार मला पाठ होता, तरी लक्षात आलं नाही. पुढच्या खेपेला कॉलर माइक लावला, त्यांच्याच दोन गोधड्या भिंतीला टांगल्या. माग तरीही ऐकू येतात. ते मी राहू दिले.

"त्या दिवशी काय झालं?" हा प्रश्न आधी विचारू नका. पोलीस, वकील, चॅनलवाले, सगळ्यांना सांगून ते उत्तर गुळगुळीत झालेलं असतं. एका वडिलांना मी फक्त कागद दाखवायला सांगितले. प्लास्टिकच्या पिशवीतून कॅलेंडरची पानं निघाली, मागे कोर्टाच्या तारखा. मालेगावला रेल्वे नाही. पहाटे मनमाड गाठायचं, तिथून मुंबई, तारीख पडली की परत. चाळीस मिनिटं ते प्रवासाबद्दलच बोलले. फिल्मचा कणा तोच झाला.

संमतीपत्र त्यांना वाचता येईल अशा भाषेत हवं. आमचं उर्दूत होतं. रफ कट, म्हणजे कच्चं संकलन, दाखवून पुन्हा विचारा. एका घराने तेव्हा नकार दिला, कारण मुलीचं स्थळ बघणं चाललं होतं. अकरा चांगली मिनिटं गेली. रडू आलं, पण कापली.

वकिलाला सबटायटल्स वाचायला द्या. अटक, आरोपपत्र, आरोपमुक्त, निर्दोष हे चार वेगळे शब्द आहेत आणि मी दोन ठिकाणी घोळ केला होता. जाहीर प्रदर्शनाला सेन्सॉर प्रमाणपत्र लागतं, महोत्सवासाठी केंद्राची सूट. ती मिळेलच असं धरू नका. दाभोलकर-पानसरे हत्यांवर बोलणाऱ्या आनंद पटवर्धनांच्या 'विवेक' या माहितीपटाला 2019 मध्ये तिरुवनंतपुरमच्या महोत्सवासाठी केरळ उच्च न्यायालयात जावं लागलं होतं.

पहिला खेळ मात्र त्या आईच्याच घरी, लॅपटॉपवर केला. माग सुरू होते. कुठला आवाज फिल्ममधला आणि कुठला भिंतीपलीकडचा, ते मलाही कळत नव्हतं.