धोंड्याचा महिना आला, पेरणीचा हिशोब तिथीवर ठेवू नका

यंदा १७ मे ते १५ जून २०२६ अधिक ज्येष्ठ आहे. जावईबापूंची चंगळ होईल, अनारसे तळले जातील. पण ज्या घरात पेरणीची आठवण सणांवरून ठेवली जाते, तिथे हा धोंड्याचा महिना दगा देऊ शकतो. 'आषाढीच्या आत पेरण्या उरकायच्या' हे वाक्य घरोघरी ऐकू येतं. गेल्या वर्षी आषाढी ६ जुलैला होती, तेव्हा ते बरोबरच होतं. यंदा ती २५ जुलैला आहे. सोयाबीन १५ जुलैनंतर पेरू नये, मूग-उडदाला तर जुलैचा पहिला आठवडा म्हणजे अगदी शेवट. एकादशीची वाट पाहत बसलात तर दोन्ही हातची जातील. वटपौर्णिमाही १० जूनवरून २९ जूनवर गेली आहे.

माझा पुतण्या मोबाईलवर एक खेळ खेळतो, त्या जगाला म्हणे तीन चंद्र आहेत. मी त्याला म्हटलं, बाबा रे, तिथला कुणबी पेरतो कधी? आपल्याला एकच चंद्र, तरी बारा महिन्यांचे ३५४ दिवस भरतात, सूर्याच्या वर्षाला अकरा दिवस कमी पडतात आणि ते भरून काढायला साधारण अडीच-तीन वर्षांनी तेरावा महिना घालावा लागतो.

म्हणूनच आपल्या जुन्या माणसांनी सण चंद्रावर ठेवले आणि पाऊस सूर्याच्या नक्षत्रांवर. सूर्य एका नक्षत्रात १३-१४ दिवस असतो, त्याला अधिक महिन्याची बाधा नाही. यंदाही रोहिणी २५ मेच्या सुमारास, मृग ८ जूनच्या आणि आर्द्रा २२ जूनच्या सुमारास लागेल. पुढे तरणा (पुनर्वसू) आणि म्हातारा (पुष्य) जुलैत, नेहमीसारखेच. आठवण ठेवायची तर या नक्षत्रांची ठेवा.

पण मृग लागला म्हणून तिफण जुंपायची, असंही नाही. २०२५ आठवा. २४ मेला मान्सून केरळात आणि २६ मेला मुंबईत पोचला, रोहिणी नुकतीच लागत होती. त्यानंतर जूनच्या पूर्वार्धात पाऊस रेंगाळला. नक्षत्र ही तारीख आहे, ओल नव्हे. आणि पंचांगात पावसाच्या प्रत्येक नक्षत्राला दिलेलं वाहन? बेडूक, म्हैस, हत्ती आला की चावडीवर आनंद होतो. ते निघतं कसं, तर सूर्याच्या नक्षत्रापासून चंद्राच्या नक्षत्रापर्यंत मोजायचं, नऊने भागायचं आणि बाकी उरेल ते वाहन. ही बाकी दापोलीला आणि माणदेशाला एकच येते. आता दोन्हीकडचा पाऊस तुम्हीच आठवून बघा. वाचायला मजा आहे, बियाण्याचे पैसे त्यावर लावू नका.

पेरणीची खूण एकच: ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस झालेला हवा आणि वापसा, म्हणजे चिखल न होता माती भुसभुशीत राहील इतकी ओल, आलेला हवा. गावच्या महसूल मंडळाचा पावसाचा आकडा तुमच्या शिवाराचा असेलच असं नाही. सरळ बाजूंचा, सपाट बुडाचा डबा उघड्या जागी ठेवा, रोज सकाळी पट्टीने पाणी मोजा, लिहा आणि ओतून द्या. बेरीज तीन-चार इंच भरली की रान तयार. एकाच रात्री वळवाने अडीच इंच ओतलं आणि अर्धं ओढ्याला गेलं, तर ते जमेत धरू नका. कुदळीने उकरून ओल खाली कुठवर गेली ते पाहा. कापसालाही हेच, आणि पाणी आहे म्हणून मे महिन्यात सरकी टोकू नका. लवकरच्या कापसावर गुलाबी बोंडअळीला आयता मुक्काम मिळतो.

धोंड्याचे हे दिवस उगवण तपासायला वापरा. घरचं सोयाबीन असेल तर पोतं आपटू नका, साल पातळ असते. शंभर दाणे ओल्या गोणपाटात गुंडाळून सावलीत ठेवा, ओल टिकवा, आठवड्याने मोजा. सत्तर उगवले तर एकरी ३० किलो, साठच उगवले तर ३५ किलो. पेरणीआधी प्रतिकिलो ३ ग्रॅम कार्बोक्झिन-थायरमचं मिश्र बुरशीनाशक लावा. रायझोबियम (नत्र देणारे जिवाणू) आणि पीएसबी (स्फुरद विरघळवणारे जिवाणू) प्रत्येकी २५ ग्रॅम, पण सगळ्यात शेवटी, मग सावलीत सुकवा. क्रम उलटा झाला तर जिवाणूंचे पैसे फुकट. दाणा ३ ते ५ सेंटिमीटरच्या खाली जाऊ देऊ नका.

चंद्राचा खरा उपयोग हुमणीसाठी, म्हणजे पिकाची मुळं खाणाऱ्या अळीसाठी आहे. पहिल्या दमदार पावसानंतर तिन्हीसांजेला तिचे भुंगेरे जमिनीतून निघून कडुनिंब, बाभूळ, बोरीवर बसतात. फांद्या काठीने झोडपून ते रॉकेल मिसळलेल्या पाण्यात टाका. प्रकाश सापळाही लावा, पण चांदण्यात तो फिका पडतो. पौर्णिमा ३१ मेला आहे, त्या आसपास कमी भुंगेरे दिसले म्हणून निश्चिंत होऊ नका. ८ जूननंतरच्या, १५ तारखेच्या अमावास्येच्या आगेमागेच्या अंधाऱ्या रात्री सापळ्याच्या. हे काम एकट्याने करून भागत नाही, शेजारच्या उसातले भुंगेरे तुमच्या भुईमुगात येतातच. गल्लीने मिळून करा.

शेवटी रब्बीचं, कारण ते आत्ताच वहीत लिहून ठेवायला हवं. गणपती १४ सप्टेंबरला आहेत, लक्ष्मीपूजन ८ नोव्हेंबरला. गेल्या वर्षी दिवाळी ऑक्टोबरातच आटोपली, त्यामुळे 'दिवाळीनंतर गहू' म्हणणाऱ्यांचं साधून गेलं. यंदा दिवाळी संपेपर्यंत ११ नोव्हेंबर उजाडेल, माणसं गावाला गेलेली असतील आणि बागायती गव्हाचा पहिला पंधरवडा सरत आलेला असेल. बी आणि खत दसऱ्यालाच घरात आणा, पेरणी यंत्रवाल्याला नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्याचं सांगून ठेवा.