जॅकेट घातलं आणि मीच बेसमेंटमध्ये पळालो

इन्सिडंट कमांडर म्हणजे आग वगैरे लागली की एका जागी थांबून सगळ्यांना कामं वाटून देणारा माणूस. त्याचं जॅकेट अंगावर चढलं की हात शिवशिवतात. माझेही शिवशिवले. लोअर परळचा एक टॉवर, ऐन जुलै, दुसऱ्या बेसमेंटच्या पॅनल रूममधून धूर यायला लागला आणि मी पोरांच्या आधी खाली पळालो. खाली वॉकीटॉकीला रेंज शून्य.

आता वर काय चाललं होतं बघा. असेंब्ली पॉइंटवर हजेरीत चार जण कमी, वॉर्डन मला हाका मारतोय, इलेक्ट्रिशियन विचारतोय सप्लाय कुठपर्यंत तोडू, कोणी उत्तर द्यायला नाही, तेवढ्यात फायर ब्रिगेड गेटवर, त्यांच्या ऑफिसरने विचारलं इन्चार्ज कोण, आणि वॉचमन म्हणाला "साहेब खाली गेलेत". म्हणजे शोधायच्या लोकांत मी पाचवा! ते चौघं टपरीवर चहा पीत होते, नशीब. आणि मी खाली जाऊन केलं काय, तर आग विझवायचा एक सीओटू सिलिंडर मारला, जो कुठल्याही टेक्निशियनने मारला असता.

कमांडरच्या हाताखालचे बाकी रोल एनडीएमएच्या (राष्ट्रीय आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरणाच्या) २०१० च्या गाइडलाइन्समध्ये आहेत, ऑपरेशन्स, प्लॅनिंग, लॉजिस्टिक्स, शिवाय सेफ्टी, लायझन (म्हणजे बाहेरच्या यंत्रणांशी समन्वय), मीडिया. तुम्ही कमांडर असाल तर ज्या कामाला माणूस नेमला नाही ते तुमच्याच डोक्यावर, हे मात्र विसरू नका. थेट तुम्हाला रिपोर्ट करणारे पाचेक जण बस झाले, सातच्या वर गेलात तर कोणाचंच धड ऐकू येत नाही.

दोन दिवसांच्या ऑनलाइन सर्टिफिकेटवर माझा काडीचा विश्वास नाही, स्पष्ट सांगतो. मला शिकवलं ते आमच्याकडच्या रिटायर्ड फायरमन काकांनी. ड्रिलमध्ये गेटजवळ खुर्ची टाकून बसवायचे आणि उठलो की ओरडायचे.

आवाज कापतो, घाम फुटतो, सगळ्यांचंच होतं, घाबरू नका. फक्त एका कागदावर लिहीत राहा: काय पेटलंय, कुठे, आत किती जण, वीज तोडली का. ब्रिगेडचा ऑफिसर आला की हे तोंडी सांगून कमांड त्याच्याकडे द्यायची, आणि मग सटकायचं नाही, चाव्या आणि बिल्डिंगचा नकाशा घेऊन त्याच्या बाजूलाच उभं राहायचं.

मागच्या ड्रिलला नवीन पोरगा एकटाच जिन्याने खाली धावला, मी अक्षरशः खुर्ची घट्ट धरून बसलो आणि दुसऱ्या दोघांना त्याच्या मागे पाठवलं.