बाजूला उभा असलेला नट कसा पाहावा

राज्य नाट्य स्पर्धेत मी चौदा वर्षं शेजारीण, मोलकरीण, मावशी केल्या. एकदा तर दोन अंक नुसती वाती वळत बसणारी आजीही. त्यामुळे सिनेमा लावला की नायकापेक्षा कोपऱ्यात कोण उभं आहे, तिकडेच माझी नजर जाते. ब्रिटिश सहाय्यक नटांसाठी मी एक लाँगबुक घातलंय. त्यातली पहिली चाळीस पानं एकट्या डेनहम एलियटची. अशी वही कुणाला करायची असेल, तर माझी पद्धत सांगते.

चरित्र आधी वाचू नका. मी वाचलं आणि फसले. लंडनच्या 'राडा' या नाट्यशाळेने त्याला एका सत्रातच वाट दाखवली. १९४२ मध्ये त्याचं बॉम्बर विमान जर्मनांनी पाडलं. पुढे युद्ध संपेपर्यंत तो कैदी होता, आणि त्या छावणीतच त्याने नाटकं केली. हे कळल्यावर त्याच्या प्रत्येक ओढलेल्या चेहऱ्यात मला तारेचं कुंपण दिसायला लागलं, भूमिका दिसेना. चरित्र शेवटी वाचा.

सुरुवात १९८३ च्या 'ट्रेडिंग प्लेसेस'पासून करा. पहिल्यांदा चारचौघांसारखा पाहा, हसा. दुसऱ्यांदा आवाज बंद करा, रिमोट हातात घ्या आणि फक्त कोलमन या बटलरवर डोळा ठेवा. वहीत चार रकाने आखा: किती मिनिटाला आला, हातात काय आहे, कुणाकडे बघतो, गेला कसा. बाकीचे रकाने चुकले तरी चालतील, पण 'हातात काय' सोडू नका. छोट्या भूमिकेतल्या नटाचं अर्धं काम तिथेच चालतं. मोलकरीण करताना मी सारखी पदराशी चाळा करायचे. शेवटी दिग्दर्शक वैतागून म्हणाले, "बाई, ट्रे धरा आणि गप उभ्या राहा." एलियट नेमका तसा उभा राहतो.

या सिनेमातला दाराचा प्रसंग तीनदा पाहा. ज्या मालकाला काल नाश्ता नेऊन दिला, तोच आज दारात उभा आहे, आणि वरून हुकूम आलाय की त्याला ओळख दाखवायची नाही. मालक झालेला डॅन ॲक्रॉइड आरडाओरडा करतो. त्याच्याकडे बघू नका. बटलरची अदब तसूभर ढळत नाही. आणि त्या अदबीआड लाज आहे. माझ्या वहीत तिथे एवढंच लिहिलंय: 'खोटं बोलताना आवाज जास्त सभ्य होतो.'

मग जोडी लावा. 'रेडर्स ऑफ द लॉस्ट आर्क' (१९८१) आणि 'लास्ट क्रुसेड' (१९८९), दोन्हीकडे तोच मार्कस ब्रोडी. पहिल्यात तो भारदस्त संग्रहालयवाला; दुसऱ्यात इंडियाना जोन्स शत्रूला बजावतो की मार्कसला डझनभर भाषा येतात, तो गर्दीत मिसळून गेला की सापडायचा नाही. पुढच्याच दृश्यात हा बापडा इस्केंदेरूनच्या बाजारात, इथे कुणाला इंग्रजी येतं का, म्हणून विचारत फिरतोय. पटकथेने ब्रोडीचा पार बावळट केला, हे मला आजही खटकतं. पण नटाने टोपी सावरत तो बावळटपणाही इमानाने केला. लेखकाने भूमिका वाकवली तर नट ती कशी पेलतो, हे शिकायला याहून बरी जोडी मला मिळालेली नाही.

बक्षिसं फक्त समासात लिहा. १९८४, ८५, ८६ असा सलग तीन वर्षं सहाय्यक भूमिकेचा बाफ्टा, म्हणजे ब्रिटिश सिनेमाचा मोठा पुरस्कार, त्याला मिळाला. 'अ रूम विथ अ व्ह्यू'मधल्या म्हाताऱ्या इमर्सनसाठी ऑस्करचं नामांकन होतं. ते बक्षीस गेलं मायकेल केनला. त्याच्या सुमारे वीस वर्षं आधी 'अल्फी'मध्ये केन नायक होता, आणि एलियट चोरून गर्भपात करणारा माणूस. ही दोन पानं वहीत समोरासमोर ठेवावीत.

टीव्ही गाळलात तर ब्रिटिश नट निम्माच कळेल. तिकडे सिनेमा, नाटक, मालिका अशी सरमिसळ चालते, कमीपणा कुणी मानत नाही. १९८५ ची बीबीसीची 'ब्लीक हाऊस' काढा. तिथे एलियट जॉन जार्नडाइस आहे, भरपूर वेळ आहे. रोज एकच भाग पाहा. सगळे एका बैठकीत बघितले की चेहरा पाठ होतो आणि काही दिसेनासं होतं.

सहकलाकारांचंही ऐका, पण जपून. 'डिफेन्स ऑफ द रेल्म'मध्ये गॅब्रिएल बर्न नायक, एलियट दारुडा जुना पत्रकार. पोरं, कुत्री आणि डेनहम एलियट यांच्याबरोबर कधी काम करू नये, असं बर्नच्या नावावर सांगतात. यातली तक्रार किती आणि कौतुक किती, ते सिनेमा पाहून तुम्हीच ठरवा. पत्रकार मेल्यावर सिनेमा मला तरी रिकामा वाटला.

पुढचा नट कसा शोधायचा? शेवटची नामावली पळू देऊ नका. रेशनिंगच्या काळातल्या बेकायदा डुकराची गोष्ट सांगणाऱ्या 'अ प्रायव्हेट फंक्शन'मध्ये मी एलियटच्या खडूस डॉक्टरसाठी बसले होते. नामावली थांबवून वाचली, तर खाटकाच्या भूमिकेपुढे नाव होतं पीट पोस्टलेथवेट. लाँगबुकचं एक्केचाळिसावं पान त्याचं.